मंथरा आणि मिसेस डिसा : ललिता पवार यांच्या अभिनयाविषयी

मराठी घरात एखादी सासू कजाग निघाली की तिचे वर्णन करायला फार शब्द खर्चावे लागत नाहीत. ‘अगदी ललिता पवार आहे हो’ एवढे म्हटले की ऐकणाऱ्याला सर्व उमगते. एखाद्या कलावंताचे विशेषनाम असे सामान्यनाम होऊन बसावे, हे त्याचे यश मानावे की त्याच्यावरील अन्याय, हे चटकन सांगता येत नाही. नारद, शकुनी, यहूदा ही नावे अशीच भाषेत रुळली आहेत. परंतु ती पुराणातील व धर्मग्रंथातील पात्रे. ललिता पवार ही येवल्यात जन्मलेली, साठ वर्षांहून अधिक काळ चित्रपटात राबलेली एक चालतीबोलती बाई होती. तिच्या नावाची शिवी झाली आणि ती शिवी आपण सर्वांनी, तिच्या चाहत्यांनीसुद्धा, मोठ्या मौजेने वापरली.

आपल्या ख्रिस्ती घरांत मात्र हे नाव काढले की आणखी एक आठवण निघते. जुन्या पिढीतील माणसे लगेच ‘अनाडी’तील मिसेस डिसाविषयी बोलू लागतात. हिंदी चित्रपटातील ख्रिस्ती पात्रांविषयी आपली तक्रार जुनी आहे व ती बव्हंशी रास्तही आहे. पण मिसेस डिसाविषयी कुणी तक्रार केल्याचे मी ऐकलेले नाही. कैकेयीचे कान फुंकणारी मंथरा आणि भाडेकरू पोरावर रागावता रागावता त्याची आई होणारी मिसेस डिसा, ही दोन्ही रूपे एकाच चेहऱ्यातून आली. ती कशी आली, याचा विचार आपल्याकडे फारसा झालेला नाही. ललिताबाईंविषयी जे लिहिले जाते ते बहुतेक एका थपडेपाशी सुरू होते आणि तेथेच संपते. त्या थपडेकडे मलाही जायचे आहे, पण तिच्या आधी चौदा वर्षांची कारकीर्द आहे व ती डावलून पुढे जाणे बरोबर नाही.

ललिताबाईंचे मूळ नाव अंबा लक्ष्मण सगुण. जन्म १८ एप्रिल १९१६, पैठणीच्या येवल्यात. १९२८ साली ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटात त्या बालकलाकार म्हणून आल्या आणि तेव्हापासून पडदा त्यांना सुटला नाही. मूकपटातील नटीला आवाजाचा आधार नसे. राग, लोभ, भीती, लाज हे सारे मान, भुवई, खांदा आणि हात यांनी सांगावे लागे; आणि स्टंटपट असला तर घोड्यावर बसणे, तलवार चालवणे हेही आलेच. १९३१ सालचा ‘दिलेर जिगर’ हा त्यांचा मूकपट सुदैवाने आजही उपलब्ध आहे. आपल्या मूकपटांपैकी फारच थोडे शिल्लक राहिले, हे ध्यानात घेतले तर ही गोष्ट लहान नाही. त्यात पंधरा वर्षांची ही मुलगी तलवार हाती घेऊन लढते. तिच्या हालचालींत बुजरेपणा नाही. चेहरा देखणा आहे आणि दोन्ही डोळे टपोरे आहेत. पुढील काळातील ललिता पवार ज्यांनी पाहिली आहे, त्यांना ही मुलगी ओळखता यायची नाही.

त्या केवळ नायिका होऊन थांबल्या नाहीत. ‘कैलास’ (१९३२) हा मूकपट आणि ‘दुनिया क्या है’ (१९३८) हा बोलपट यांच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. यातील दुसरा चित्रपट टॉलस्टॉयच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर बेतलेला होता. एका सरदाराने तरुणपणी फसवलेली मोलकरीण पुढे वेश्या होते, खुनाच्या आरोपाखाली न्यायालयात उभी राहते आणि ज्याने तिला त्या वाटेला लावले तोच तिच्यासमोर पंच म्हणून बसलेला असतो, अशी ती कथा. कोणाला पापी म्हणायचे आणि तसे म्हणण्याचा अधिकार कोणाला, हा त्या कादंबरीचा गाभा आहे. विशीच्या उंबरठ्यावरील एका मराठी नटीने स्वतःचे पैसे आणि नाव ज्या कथेवर लावले ती ही कथा होती. पुढे आयुष्यभर इतरांनी त्यांच्यावर दुष्टपणाचा शिक्का मारला, ते पाहताना ही निवड मला वारंवार आठवते.

त्यानंतर भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ (१९३९) आला. वि. स. खांडेकरांच्या कथेवर मास्टर विनायकांनी काढलेला, कोकणातील खेड्यात घडणारा ‘अमृत’ (१९४१) आला. त्यात त्या दारूच्या आहारी गेलेल्या चांभाराची बायको झाल्या. म्हणजे सुंदर नायिकेच्या चौकटीतून बाहेर पडून राबणाऱ्या, सोसणाऱ्या बाईकडे त्या अपघातापूर्वीच वळल्या होत्या. हा तपशील महत्त्वाचा आहे. ‘थप्पड बसली म्हणून नायिकेची चरित्र अभिनेत्री झाली’ हे सरधोपट विधान त्यामुळे पुरते टिकत नाही.

आता त्या थपडेविषयी. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांनी त्यांच्या थोबाडीत मारावी, असा प्रसंग होता.  हात जोरात बसला. चेहऱ्याच्या एका बाजूचे चलनवलन गेले, डाव्या डोळ्याची शीर फुटली आणि दीर्घ उपचारांनंतरही तो डोळा बारीकच राहिला. मारणाऱ्याच्या मनात काही वाईट नव्हते, हे सर्वांना मान्य होते. हेच भगवान पुढे ‘अलबेला’तून (१९५१) लोकांचे लाडके झाले. एका क्षणाच्या चुकीने दुसऱ्याच्या आयुष्याची दिशा बदलते आणि चूक करणारा मनुष्यही भलाच असतो, हे आपण संसारात नेहमी पाहतो.

उपचार तीन वर्षे चालले आणि त्या काळात बाई पडद्याआड गेल्या, असे सर्वत्र लिहिलेले आढळते. परंतु १९४४ साली प्रभातचा ‘रामशास्त्री’ प्रदर्शित झाला आणि त्यात आनंदीबाई ललिता पवारच होत्या. तेव्हा ही मधली पोकळी दंतकथेत सांगतात तेवढी मोठी नसावी. बाई पुरत्या बऱ्या होण्याआधीच कामाला लागल्या असाव्यात, असे तारखांवरून दिसते. ‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई इतिहासात किती खरी, हा वादाचा विषय आहे. लोकस्मृतीत मात्र ती पक्की आहे. गजानन जागीरदारांच्या धीरगंभीर रामशास्त्र्यांसमोर अशी महत्त्वाकांक्षी स्त्री उभी करायची, तीही चेहऱ्याचा एक भाग नीट साथ देत नसताना, हे सोपे काम नव्हते. येथे त्यांना मूकपटाचे शिक्षण उपयोगी पडले असावे, असा माझा तर्क आहे. डोळा जे करू शकत नव्हता ते मान, ओठाचा कोपरा आणि पदर सावरणारा हात यांच्याकडून त्यांनी करवून घेतले.

मग १९५० साली व्ही. शांतारामांचा ‘दहेज’ आला. हुंड्यासाठी सुनेचा छळ करणारी सासू ललिताबाईंनी अशी उभी केली की पुढची तीस वर्षे निर्मात्यांनी त्यांच्याकडून तीच सासू पुनःपुन्हा मागितली. सुनेच्या भूमिकेत जयश्रीबाई आणि तिच्या बापाच्या भूमिकेत पृथ्वीराज कपूर. बाप हुंड्याच्या वस्तू घेऊन येतो तोवर मुलगी हातची गेलेली असते. चित्रपटाचा हेतू निःसंशय चांगला होता. हुंडाबंदीचा कायदा त्यानंतर अकरा वर्षांनी, १९६१ साली झाला. तरीही ‘दहेज’ पाहताना एक गोष्ट मला खटकते. हुंडा ही जातिव्यवस्था, मालमत्ता आणि पुरुषी प्रतिष्ठा यांच्या गाठीतून निपजलेली रूढी आहे. पडद्यावर मात्र सारा राग एका बाईच्या चेहऱ्यावर येऊन साठतो. प्रेक्षक बाहेर पडतो तो रूढीला नव्हे, त्या बाईला शिव्या देत. आणि तिला शिव्या देणे सोपे जाते, कारण तिचा डोळा.

येथे जरा थांबले पाहिजे. जखमी डोळा हा ललिताबाईंच्या अभिनयाचा भाग नव्हता. तो त्यांना झालेला अपघात होता. त्याचा दुष्टपणाशी अर्थाअर्थी काही संबंध नाही. तो संबंध दिग्दर्शकांनी जोडला. छायालेखकांनी त्या बाजूवर प्रकाश टाकून, चेहरा कलता ठेवून तो पक्का केला. आणि प्रेक्षकांनी, म्हणजे तुम्ही-आम्ही, तो मुकाट्याने मान्य केला. शरीरातील व्यंग म्हणजे मनातील पापाची खूण, ही समजूत फार जुनी आहे. ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) या चित्रपटात आणि पुढे १९८७ साली दूरदर्शनवर सुरू झालेल्या ‘रामायण’ मालिकेत त्या मंथरा झाल्या. मंथरा आधीच कुबडी. तिला हा डोळा मिळाला म्हणजे पाहायलाच नको! २०२० च्या टाळेबंदीत ती मालिका पुन्हा दाखवली गेली, तेव्हा आमच्या बेलपाडा-खारघर परिसरातील इमारतींमध्ये आजी-आजोबांच्या शेजारी बसून नातवंडांनीही ती पाहिली. त्या मुलांपैकी कितीजणांना ठाऊक असेल की ही बाई पडद्यावर आली तेव्हा त्यांच्या पणजोबांचे वय त्यांच्याएवढे असेल!

योहानकृत शुभवर्तमानाच्या नवव्या अध्यायातील जन्मांध मनुष्याचा प्रसंग वाचकांच्या परिचयाचा आहे. त्याला पाहून शिष्यांना पहिला प्रश्न सुचतो तो पाप कोणाचे, त्याचे की त्याच्या मायबापांचे, हा. आणि प्रभू तो प्रश्नच नाकारतो. आपण या अध्यायावर प्रवचने देतो, ऐकतो. पण गावोगावच्या आपल्या धार्मिक नाटकांत हेरोदाच्या दरबारातील दुष्ट माणसाला कुबड द्यायचे, यहूदाला लंगडत चालवायचे, ही हौस आपल्यालाही सुटलेली नाही. तेव्हा केवळ मुंबईच्या निर्मात्यांना दोष देऊन भागणार नाही.

असे असूनही ललिताबाई त्या साच्यात मावल्या नाहीत, आणि कलावंत म्हणून त्यांचे मोठेपण मला तेथे दिसते. त्यांच्या ज्या भूमिका आजही ताज्या वाटतात त्यांतील कठोर बाया स्वतःला वाईट समजत नाहीत. आपण योग्य तेच करीत आहोत, अशी त्यांची खात्री असते. गुरू दत्त यांच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ (१९५५) मधील आत्या सीतादेवी पाहा. स्त्रियांच्या हक्कांसाठी सभा गाजवणारी, घटस्फोटाच्या कायद्याची कैवारी, पुरुषजातीविषयी संशय बाळगणारी अशी ही बाई. त्याच वर्षी हिंदू विवाह कायदा संमत झाला होता आणि चित्रपटाने त्या वादात उघडपणे जुन्या बाजूची तळी उचलली. सीतादेवी हास्यास्पद ठरावी, ही पटकथेची इच्छा आहे. पण ललिताबाई तिला हास्यास्पद होऊ देत नाहीत. त्यांच्या बोलण्यात अशी ठाम, स्वच्छ धार आहे की तिचे म्हणणे अगदीच टाकाऊ नव्हते असे आज वाटून जाते. विवाहसंस्थेविषयीची माझी मते सीतादेवीच्या मतांशी जुळणारी नाहीत, हे वाचकांना सांगायला नको; तरीही तिची बाजू कोणीतरी मांडली, याचे समाधान वाटते.

१९५९ साली बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ आला. त्यातील गिरीबाला ही सोवळेओवळे पाळणारी, देवाधर्मात मुरलेली वृद्धा. घरात वाढलेली सुजाता अस्पृश्य जातीची आहे, एवढे कारण तिला पुरते. ही बाई आपल्या माणसांवर जीव टाकते, प्रेमाने बोलते, आणि त्याच जिभेने एका मुलीला मायेच्या वर्तुळाबाहेर ठेवते. धार्मिक माणसाची क्रूरता किती सात्त्विक दिसू शकते, हे मी या भूमिकेत जेवढे स्पष्ट पाहिले तेवढे क्वचितच कुठे पाहिले असेल. आमच्यासारख्यांनी ही भूमिका वारंवार पाहावी. त्याच चित्रपटात सुलोचनाबाईंनी चारू साकारली आहे. आपल्या दोन थोर मराठी अभिनेत्री येथे समोरासमोर आहेत: एक सोज्वळतेची मूर्ती मानलेली, दुसरी खाष्टपणाची. पण चारू सुजाताला ‘मुलगी’ न म्हणता ‘मुलीसारखी’ म्हणते, आणि त्या एका ‘सारखी’ने पोरीच्या काळजाला जे घरे पडतात ती गिरीबालेच्या उघड तिटकाऱ्याने पडत नाहीत. बिमल रॉय यांनी कठोर आणि कोमल चेहऱ्यांचा नेहमीचा हिशेब येथे शांतपणे उलटवला आहे. सुलोचनाबाईंनीही ही छटा फार संयमाने दाखवली, हे सांगितलेच पाहिजे.

‘जंगली’ (१९६१) मधील हसण्यावर बंदी घालणारी आई आणि ‘प्रोफेसर’ (१९६२) मधील कडक पालक या दोन भूमिका विनोदी चित्रपटांतील आहेत, म्हणून समीक्षक त्यांच्याकडे वळत नाहीत. ‘प्रोफेसर’विषयी मात्र थोडे लिहिल्यावाचून राहवत नाही. तरुण शम्मी कपूर शिकवणीची नोकरी मिळावी म्हणून म्हाताऱ्या प्राध्यापकाचे सोंग घेतो, आणि त्या सोंगावर घरची ही करारी, एकाकी प्रौढा भाळते. आरशासमोर पुन्हा उभी राहू लागते. प्रेक्षागृह हसते. हसण्यासाठीच तो प्रसंग योजला आहे. पण ललिताबाई स्वतः त्या बाईला हसत नाहीत. कित्येक वर्षे दाबून ठेवलेली एक साधी आशा त्यांच्या चेहऱ्यावर अशी हळूच उमटते की हसता हसता प्रेक्षकाला ओशाळल्यासारखे होते. एखादी सामान्य नटी येथे वेडेवाकडे हावभाव करून टाळ्या घेऊन गेली असती.

आता मिसेस डिसा. ‘अनाडी’ही १९५९ सालचाच, दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी. राज कपूर यांचा भोळा, प्रामाणिक, कंगाल चित्रकार तिच्या घरी भाड्याने राहतो. भाडे थकते, ती कडाडते, आणि तिच्या कडाडण्यात माया किती आणि खरा राग किती, हे त्यालाही कळत नाही व आपल्यालाही. पुढे ती आजारी पडते आणि भेसळीच्या औषधाने मरते. ते औषध ज्याच्या कंपनीचे, तो मोतीलाल यांनी साकारलेला श्रीमंत गृहस्थ मोकळा राहतो आणि विष दिल्याचा आळ त्या पोरावर येतो. शेवटी न्यायालयात त्या श्रीमंताला स्वतःच्या तोंडाने सत्य सांगावे लागते. या भूमिकेसाठी ललिताबाईंना उत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले.

मिसेस डिसा आपल्याला आपली का वाटते? तिची मोडकी हिंदी, तिचे ‘मिसेस’ हे उपपद, ही वरवरची लक्षणे इतर चित्रपटांतही असतात. ‘बॉबी’मधील (१९७३) जॅक ब्रगांझा प्रेमनाथांनी रंगवला तो लोकांना आवडला, पण त्याचे ख्रिस्तीपण बाटली आणि गलबला यांच्यातच संपते. मिसेस डिसाचे ख्रिस्तीपण तिच्या वागण्याच्या वळणात आहे. मुंबईत एकट्या राहणाऱ्या, खोली भाड्याने देऊन घर चालवणाऱ्या कितीतरी बाया आपल्या समाजात होत्या. भाडेकरू पोराला जेवलास का म्हणून विचारायचे, रात्री उशीर झाला तर दरवाजा उघडताना चार शब्द सुनवायचे, आणि तो आजारी पडला की त्याच्या उशाशी बसायचे, हे त्यांच्या रक्तात होते. आमच्याकडे खारघरच्या महाविद्यालयांतून शिकणारी बाहेरगावची मुले आता खोल्या घेऊन राहतात. करार दलालामार्फत होतो आणि भाडे मोबाइलवरून जाते. घरमालकीण दिसतच नाही. अशा मुलांना ‘अनाडी’ दाखवला तर मिसेस डिसा त्यांना कदाचित परीकथेतील वाटेल.

आणि तो डोळा? तो येथेही तसाच आहे. लपवलेला नाही. पण मिसेस डिसा हसू लागली की तोच बारीक डोळा आणखी मिटतो आणि थट्टेखोर, लाडिक होतो. जणू पोराच्या लबाडीकडे तिने मुद्दाम काणाडोळा केला आहे. ‘दहेज’मध्ये ज्याने थरकाप होई, त्याच डोळ्याने येथे जीव सुखावतो. चेहरा एकच आहे. बदलला आहे तो त्याच्याकडे पाहणाऱ्या दिग्दर्शकाचा दृष्टिकोन. राज कपूर यांनी ‘श्री ४२०’मध्ये (१९५५) त्यांना केळीवाली गंगामाई केले होते, फुटपाथवरच्या माणसांत बसवले होते, तेथेही या डोळ्याची कुणाला भीती वाटली नाही. म्हणजे ज्यांना पाहायचे होते त्यांना या चेहऱ्यातील माया आधीपासून दिसत होती.

मिसेस डिसाविषयी माझी एक तक्रार आहे व ती पटकथेबद्दल आहे. तिला स्वतःचे आयुष्य नाही. ती नायकासाठी रागावते, नायकासाठी झुरते आणि नायकाची कसोटी लागावी म्हणून मरते. हिंदी चित्रपटातील सज्जन ख्रिस्ती पात्राला असे मरण फार वेळा येते. ती जगली असती, त्या औषधकंपनीच्या दारात जाऊन तिने जाब विचारला असता, तर काय बहार आली असती! हृषीदांना ही उणीव जाणवली असावी की काय कोण जाणे. दोनच वर्षांनी त्यांनी ‘मेम दीदी’ (१९६१) काढला आणि त्यात ललिताबाईंना मुख्य भूमिका दिली. वस्तीत नव्याने राहायला आलेली ही बाई तेथील दोन दांडगटांना, डेव्हिड आणि जयंत यांना, न घाबरता वठणीवर आणते आणि ते तिचे भाऊ होऊन जातात. मध्यमवयीन, सौंदर्याच्या रूढ कल्पनेत न बसणाऱ्या बाईच्या नावावर आणि खांद्यावर अख्खा चित्रपट उभा करणे, हे त्या काळी धाडसच होते. आजही तसे चित्रपट मोजकेच निघतात. हा चित्रपट विस्मरणात गेला आहे, याचे वाईट वाटते.

पुढे ‘आनंद’मध्ये (१९७१) हृषीदांनीच त्यांना इस्पितळातील मेट्रन केले आणि आडनाव पुन्हा डिसाच ठेवले. भूमिका लहान आहे. शिस्तीची मेट्रन एका मरणोन्मुख, खट्याळ रुग्णापुढे हळूहळू विरघळते, एवढेच. बेलपाड्यात राहणाऱ्या एका निवृत्त परिचारिकेने मला एकदा विचारले, ‘फादर, सिनेमातली मेट्रन नेहमी ओरडतच का असते?’ मी म्हटले, ‘बाई, तुम्ही ओरडत नव्हता का?’ त्या हसल्या आणि म्हणाल्या, ‘ओरडायचे, पण वॉर्डातून बाहेर आल्यावर रडायचे, ते सिनेमात दाखवत नाहीत.’ ललिताबाईंनी ते थोडेसे दाखवले आहे, असे मला वाटते. ती भूमिका पुन्हा पाहून ठरवावे, असे मी त्यांना सुचवले. ‘नसीब’मध्ये (१९८१) त्या मिसेस गोम्स झाल्या, पण त्या गर्दीच्या चित्रपटात कुणाच्याच वाट्याला काही आले नाही.

त्यांच्या साऱ्याच कामाची आरती ओवाळण्याचे कारण नाही. शेकडो चित्रपटांत त्यांनी कामे केली आणि त्यांतील कित्येक विसरण्याजोगी आहेत. विशेषतः सत्तरीच्या दशकात भुवई उंचावणे, मान वेळावणे, शब्द दाताखाली चावून फेकणे या लकबी ठरीव होऊन गेल्या. दिग्दर्शकाने फारशी मागणी केली नाही की बाई आपल्या पोतडीतून नेहमीचे सामान काढत आणि काम उरकत. पोटापाण्यासाठी रोज सेटवर जाणाऱ्या कलावंताकडून दुसरी कसली अपेक्षा करावी, हेही खरे. ‘कोहरा’ (१९६४) मधील दाई माँ हा त्यातल्या त्यात चांगला अपवाद. हिचकॉकच्या ‘रिबेका’त (१९४०) ज्युडिथ अँडरसनने जी थंड, जवळजवळ न हलणारी घरकारभारीण केली होती, तिचाच हा भारतीय अवतार. ललिताबाईंनी येथे आवाज चढवलेला नाही. कमी करूनही त्या किती भेडसावू शकत होत्या, हे पाहिले की इतरत्र त्यांच्याकडून अधिक करवून घेणाऱ्यांचा राग येतो.

१९६१ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात औंध येथे त्यांचे निधन झाले. त्या वेळी त्या घरी एकट्याच होत्या. बातमी बाहेर यायला दोन दिवस लागले. हजारो घरांत ज्यांचा चेहरा रोजच्या ओळखीचा होता त्या बाईच्या मृत्यूची खबर शेजाऱ्यापाजाऱ्यांनाही नसावी! पडद्यावरची मिसेस डिसा असती तर तिने एव्हाना दार ठोठावले असते.

आमच्या धर्मग्रामातील युवक मंडळापुढे ‘मेम दीदी’ दाखवावा, असा माझा मानस आहे. चांगली प्रत मिळते का, ते पाहत आहोत. जुना, काळापांढरा आणि नायिका नसलेला चित्रपट मुले पाहतील का, अशी शंका मंडळातील एकाने काढली. त्याला मी म्हटले, आधी हसण्यावर बंदी असलेल्या घरापासून सुरुवात करू. ‘जंगली’ रंगीत आहे, आणि त्यात गाणीही भरपूर आहेत.